बुडालेल्या गावाची स्मरणिका: त्यात नेमकं काय घालायचं?

सांजवारा

नमस्कार. बरीच वर्षं नुसती वाचते आहे, धागा पहिल्यांदाच काढते. चुकलं तर सांभाळून घ्या.

आमचं मूळ गाव कोयनेच्या खोऱ्यातलं. धरणात पाणी अडवायला १९६२ साली सुरुवात झाली. त्याच्या आदल्या उन्हाळ्यात आमच्या लोकांनी घरांचे वासे, कौलं, पाटे-वरवंटे आणि भैरोबा बैलगाडीत घालून गाव सोडलं. निम्मं गाव तेव्हाच्या कुलाबा जिल्ह्यात आलं, काही भावक्या सोलापूरकडे गेल्या, आणि ज्यांना नदी सोडवेना ते डोंगराला वर सरकले. त्या वरच्यांच्या मागे १९८५ साली अभयारण्य लागलं, ती आणखी वेगळी कथा. माझा जन्म इकडचा. मूळ गाव मी पाहिलंच नाही. बामणोलीहून लाँचने गेलं की चुलते पाण्याकडे बोट दाखवून "इथं" म्हणतात, एवढंच.

आता गावकीनं यात्रेसाठी वर्गणी काढली, त्यातून पैसे उरलेत. एका गटाला कमान हवी, दुसऱ्याला स्मरणिका. मला कॉम्प्युटरवर मराठी लिहिता येतं, एवढ्या गुणावर स्मरणिका माझ्या गळ्यात पडली आहे. आजवर जमलेला मजकूर: अध्यक्षांचं मनोगत, देणगीदारांची यादी, पाहुण्यांचे फोटो, जाहिराती. आणि चार आठवणी, ज्यात चारही जणांनी हेच सांगितलंय की गाव फार सुंदर होतं, नदी बारमाही वाहायची, माणसं एकदिलानं राहायची. शाळेत पाठ करून घेतल्यासारखं.

समज आलेल्या वयात गाव सोडलेली अकरा माणसं आमच्यात उरली आहेत. सगळी पंचाहत्तरीच्या पुढची. म्हणजे हातात फार वेळ नाही.

तर विचारायचंय ते हे: अशा गावाचं काय टिपून ठेवायचं? आणि कसं? ज्यांच्याकडे असं काही झालंय त्यांनी अनुभव सांगा.

उगाच_एक

कमान बांधा. स्मरणिका रद्दीत जाते, कमानीखाली निदान पावसात मोटरसायकल उभी करता येते.

कापूसकोंडा

चांगला विषय. वाचतोय.

भीमाकाठ

आम्ही उजनीवाले. तुमच्यात न् आमच्यात फरक एकच, आमचं गाव दुष्काळात वर येतं. पळसदेवच्या जुन्या देवळाचे फोटो तुम्ही पेपरात पाहिले असतील, पाणी उतरलं की लोक होड्या करून बघायला जातात. आमच्या गावात तसलं देऊळ नव्हतं, त्यामुळे आमच्याकडे कोणी फिरकत नाही. वर येतात ती घरांची जोती, घाटाच्या पाच-सहा पायऱ्या आणि एका चिंचेचं खोड.

मी दहावीत असताना वडिलांबरोबर गेलो होतो. सगळा भेगाळलेला गाळ. वडील एका जागी थांबले आणि मला म्हणाले, "चप्पल काढ. उंबरा आहे." मला तिथं काहीच दिसत नव्हतं. त्या एका वाक्यानंतर मात्र त्यांनी मला सबंध घर फिरवून दाखवलं, म्हणजे गाळातच. इथं चूल, इथं बळद, इथं तुझ्या आत्याचा पाळणा. घरी विचारलं असतं तर "चार खण होते" एवढंच सांगितलं असतं.

तेव्हा ताई, एक अनुभवाचा बोल. "गाव कसं होतं?" असं विचारू नका, भाषणच मिळणार. "दळण कुठं न्यायचात?" "रात्री परसाकडला जाताना भ्या कुठल्या झाडाचं वाटायचं?" असं विचारा. मग बघा.

उगाच_एक

भीमाकाठ, झाडाचं भ्या हे स्मरणिकेचं पहिलं प्रकरण होऊ शकतं. भुतांचं पुनर्वसन झालं की नाही याची नोंद शासनदरबारी नाहीच.

सांजवारा

हसू नका, आजीला काल फोनवर खरंच विचारलं. ती म्हणाली, "आसरा पाण्यातल्याच, त्यांना काय फरक पडतोय. मुंजा मात्र पिंपळासकट गेला बिचारा."

सडेतोड

मला थोडं वेगळं म्हणायचंय, राग मानू नका. साठ वर्षं झाली. जे नव्या गावात जन्मले त्यांचं गाव तेच. कोयनेच्या विजेवर महाराष्ट्रातले कारखाने उभे राहिले, दिवे लागले, ती वीज तुमच्या नव्या गावातही आली. विस्थापितपण किती पिढ्या वारसाहक्कानं चालवायचं? मी पाहिलंय, पोरांना मूळ गावाचं नाव नीट सांगता येत नाही पण प्रकल्पग्रस्त दाखला कपाटात जपून ठेवलेला असतो, कारण नोकरीत पाच टक्के समांतर आरक्षण आहे. ओळख म्हणतात ती हीच असेल तर स्मरणिकेत दाखल्याची झेरॉक्स छापा.

भीमाकाठ

वीज आली हे खरं. किती वर्षांनी आली ते तुमच्या ओळखीतल्या धरणग्रस्तांना विचारून बघा. आणि दाखल्याचं म्हणाल तर ज्याची बागायत गेली त्याच्या नातवाला शिपायाची जागा मिळाली तर एवढं टोचायला काय झालं? महाराष्ट्रात पुनर्वसनाचा पहिला कायदाच १९७६ चा. त्याआधीच्यांना जे मिळालं ते सरकारची मेहेरबानी म्हणून मिळालं. "आधी पुनर्वसन, मग धरण" ही घोषणा द्यायची वेळ का आली, याचा विचार करा.

मुळामुठा

कायद्याचा विषय निघालाच आहे तर मुळशी विसरू नका. १६ एप्रिल १९२१, रामनवमीचा दिवस. मुळशी पेट्यातल्या मावळ्यांनी धरणाचं काम अडवलं. "जान किंवा जमीन" ही घोषणा तिथली. सेनापती बापटांना "सेनापती" ही पदवी लोकांनी याच लढ्यात दिली. धरण झालंच. आज लोक तिथं भजी खायला जातात आणि पाण्याकडे पाठ करून सेल्फी काढतात. लढ्याची शताब्दी २०२१ ला आली आणि कोरोनाच्या गडबडीत निघून गेली.

उगाच_एक

धरणावरच्या धाग्यात दहा प्रतिसादांच्या आत मुळशी न आल्यास पैसे परत.

दप्तरदार

महसूल खात्यात नोकरी झाली, आता निवृत्त आहे. भावनेचं इतरांनी सांगितलंच आहे, मी कागदाचं सांगतो. गाव बुडालं तरी दप्तर बुडत नाही.

सगळ्यात आधी भूसंपादनाचा निवाडा मिळवा. लोकांना वाटतं त्यात फक्त रकमा असतात. नाही. मोबदला ठरवायला प्रत्येक गोष्ट मोजलेली असते. कोणाचं घर किती खणांचं, भिंत मातीची की दगडाची, छपराला कौल की गवत, बांधावर आंबे किती, फणस किती, विहीर पक्की की कच्ची. गावातलं एकूण एक फळझाड मालकाच्या नावासह तुम्हाला तिथं सापडेल. सरकारनं गावाचं इतकं बारीक वर्णन त्याआधी कधी केलं नव्हतं, आणि केलं ते बुडवायच्या आधी.

दुसरं, भूमी अभिलेख कार्यालयातून जुना गावनकाशा. त्यावर सर्व्हे नंबर, ओढे, पाणंद, गावठाण सगळं असतं. तिसरं, कोतवाल बुक म्हणजे गाव नमुना १४, जन्ममृत्यूची नोंद. जुनी असेल तर मोडीत असणार. चौथं, १९५१ च्या जनगणनेचं जिल्हा पुस्तक. शोधताना "सातारा" म्हणून शोधाल तर चुकाल, तेव्हा जिल्हा "उत्तर सातारा" होता. गाववार लोकसंख्या त्यात आहे. एक इंचाला एक मैल प्रमाणाचे सर्व्हे ऑफ इंडियाचे जुने नकाशेही पाहा, पायवाटासुद्धा दाखवलेल्या असतात.

कचेरीत पहिल्या खेपेला "असलं काही नाही" असं सांगतील. नकलेचा रीतसर अर्ज द्या, पोच घ्या, आणि पावसाळ्यात जाऊ नका. पावसाळ्यात अभिलेख कक्षात शिरायची कोणाचीच इच्छा नसते.

सांजवारा

दप्तरदार काका, झाडं मोजलेली असतात हे माहीतच नव्हतं. वाचून अंगावर काटा आला. अर्ज देते.

तेरणाकाठ

आमचं धरणाचं नाही, भूकंपाचं. किल्लारीच्या बाजूचे आम्ही. ३० सप्टेंबर १९९३, पहाटे ३ वाजून ५६ मिनिटं. आदल्या रात्री गणपती विसर्जन करून लोक झोपलेले. पुढं ५२ गावं उचलून नव्या जागी वसवली.

आमची शेतं जागेवरच राहिली, त्यामुळे कोयनावाल्यांइतकं तुटलो नाही. पण एक गोष्ट सांगतो जी कोणाच्या ध्यानात आली नव्हती. नवी घरं जमिनीच्या मालकीवरून दिली. भूमिहीन आणि हेक्टरपर्यंतवाल्यांना २५० चौरस फूट, मधल्यांना ४००, सात हेक्टरच्या वरच्यांना ७५०. हिशेब सरळ होता, पण एका आकाराची घरं एका भागात बांधली की गल्ली मोडते. जुन्या गावात आमच्या एका बाजूला मोठा जमीनदार, दुसऱ्या बाजूला त्याचाच सालगडी, समोर तेलीण आजी. नव्या गावात तिघांची तोंडं तीन दिशांना. आई अजून पापड करायला घेतले की तेलीण आजीच्या सुनेला फोन करते आणि ती तिकडून रिक्षा करून येते. रिक्षाचे पैसे कोणी द्यायचे यावरून दर वर्षी भांडण.

म्हणून तुमच्या स्मरणिकेत घरांची यादी आडनावानं लावू नका. शेजारानं लावा. कोणाच्या भिंतीला कोणाची भिंत होती ते लिहा.

कापूसकोंडा

"शेजारानं लावा" +१. हे भारी आहे.

कॅम्प४

मी सिंधी. उल्हासनगरात वाढलो, मराठी शाळेत शिकलो. धागा तुमचा आहे, तरी लिहितो.

आमचं गाव पाण्यात गेलं नाही, सीमेपलीकडे गेलं. गेलो तरी आता व्हिसा लागतो. फाळणीनंतर कल्याणच्या लष्करी छावणीत लोक आले, १९४९ ला तिचं उल्हासनगर झालं, पण पत्ता सांगताना आम्ही आजही कॅम्प नंबर सांगतो. माझ्या आयडीतला चार तोच. आमच्या लोकांनी पहिल्या काही वर्षांतच संस्था उभ्या केल्या. कराचीच्या डी. जे. सिंध कॉलेजातल्या प्राध्यापकांनी १९४८ साली मुंबईत जयहिंद कॉलेज काढलं. भाषेला राज्यच नव्हतं, तरी १० एप्रिल १९६७ ला ती आठव्या अनुसूचीत आली. तो दिवस आम्ही साजरा करतो.

एवढं सगळं केलं आणि नेमकी लिपी निसटली. अरबी वळणाची लिपी ठेवायची की देवनागरी घ्यायची, यावर जाणती माणसं भांडत बसली, आणि तोवर मुलं इंग्रजी शाळेत गेली. आजोबांची एक वही घरी आहे. वडिलांना वाचता येते, मला नाही. मी ती काढतो, पानं उलटतो आणि परत ठेवतो. हिशेब आहे की कविता तेही मला कळत नाही. वडिलांना विचारायला हवं हे कळतं. दहा वर्षं कळतंय.

दप्तरदार

कॅम्प४, तुम्हाला एकट्याला वाईट वाटायचं कारण नाही. आमच्या पणजोबांची मोडी आम्हाला तरी कुठं वाचता येते? आणि आम्ही तर जागचे हललोही नाही. वडिलांना आज रात्री विचारा. मोबाइलवर रेकॉर्ड करा.

रात्रपाळी

दोन दिवस वाचतोय. लिहू की नको करत होतो.

सांजवारा, तुम्ही लिहिलंत की चारही जण "माणसं एकदिलानं राहायची" म्हणाले. त्या चारांत खालच्या आळीतलं कोणी होतं का?

मीही धरणग्रस्ताच्या घरातला, धरण दुसरं. आमची वस्ती गावाबाहेर, ओढ्याच्या खालच्या अंगाला. गावाची विहीर वेगळी, आमचा पाणवठा वेगळा. माझी आजी गावाबद्दल बोलायचीच नाही. लोक म्हणायचे म्हातारीला दुःख सहन होत नाही. मरायच्या वर्षभर आधी तिनं मला सांगितलं, "रडायला काय होतं तिथं? पाणी चढलं तेव्हा पहिल्यांदा दोन्ही विहिरींचं पाणी एक झालं."

नव्या वसाहतीत प्लॉट नंबरानं मिळाले. आमचं घर ओळीत, मधोमध. आजोबांनी पहिल्यांदा गावच्या नळाला हात लावला तो तिथं. पण गंमत बघा, यात्रा सुरू झाली आणि जुना नकाशा परत आला. पालखीला खांदा कोणाचा, हलगी कोणाची, नैवेद्य कोणाचा आधी, कोणी किती लांब उभं राहायचं. जमीन बुडाली, घरं बुडाली, पण हे बरोबर कोरडंठाक वर आलं. याला संस्कृती जपणं म्हणतात.

मी स्मरणिकेच्या विरोधात नाही. फक्त विचारतो, आमची नावं त्यात मानकऱ्यांत येणार की सेवेकऱ्यांत?

सडेतोड

प्रत्येक धाग्यात जात आणलीच पाहिजे का? चांगलं चाललं होतं.

भीमाकाठ

सडेतोड, दोन दिवसांपूर्वी तुम्हीच म्हणत होता जुनं उगाळू नका. तुम्हाला अडचणीचं जुनं तेवढं उगाळायचं नाही, असं आहे का?

उगाच_एक

मी एरवी फालतू लिहितो पण रात्रपाळी यांचा प्रतिसाद तीनदा वाचला. विहिरीचं वाक्य डोक्यातून जात नाहीये.

संपादक

काही प्रतिसाद अप्रकाशित केले आहेत. व्यक्तिगत होऊ नका. विषयाला धरून लिहा.

जुना खडू

मी नंदुरबारकडचा, शिक्षक होतो. तळोदा तालुक्यात सरदार सरोवराच्या विस्थापितांच्या वसाहती आहेत, तिथल्या शाळेत बरीच वर्षं काढली. अक्राणी आणि अक्कलकुव्याची ३३ गावं त्या धरणात गेली. मणिबेली त्यातलं पहिलं.

तुमच्याकडे गाव म्हणजे घराला घर. सातपुड्यात तसं नाही. एकेक घर आपापल्या टेकाडावर, आपल्या शेतात, हाकेच्या अंतरावर. वसाहतीत सगळ्यांना ओळीनं बसवलं. माझ्या वर्गातला एक पोरगा म्हणाला, "गुरुजी, इथं रात्री दुसऱ्याच्या घरातलं खोकणं ऐकू येतं." त्याला ते भयंकर वाटत होतं.

देवांचं तर काय सांगू. भैरोबाची मूर्ती तुम्ही गाडीत घालून आणलीत. यांचा देव म्हणजे डोंगर, अमुक वळणावरचं झाड, नदीतली शिळा. गाडीत काय घालणार? तरी लोकांनी वाट काढली. इंदल या त्यांच्या उत्सवात रात्रभर गायणं चालतं, जग कसं झालं तिथपासून. त्यात ठिकाणांची नावं येतात. बुडालेल्या ठिकाणांचीही येतात, गळली नाहीत. गाणाऱ्याला विचारलं, ती जागा आता नाही ना? तो म्हणाला, "गाण्यात आहे. ओळ सोडली तर पुढची ओळ येत नाही."

मात्र सगळं टिकलं असं नाही. लाह म्हणून त्यांची पद्धत आहे, एकाच्या शेतात सगळ्यांनी राबायचं, जेवण त्याच्याकडे, मजुरी नाही. वसाहतीत जमिनी लांब लांब मिळाल्या, कोणाला विहीर, कोणाला नाही, काही गुजरातेत गेले. तिकडची मुलं गुजराती शिकली, इकडची मराठी, आणि मामेभाऊ भेटले की घरच्या पावरीत बोलतात. ती बोली दोन्ही शाळांत चालत नाही. मीही पहिली काही वर्षं वर्गात मराठीच बोला म्हणून दरडावत होतो. ते लिहायला आलो नव्हतो, पण लिहिलं गेलं.

कॅम्प४

ओळ सोडली तर पुढची ओळ येत नाही. बाप रे.

अपडेट: वडिलांना विचारलं. वही हिशेबाची निघाली. उधारी. कोणाकडून किती येणं होतं, शिकारपूरची नावं, फाळणीआधीच्या शेवटच्या दोन वर्षांची. वडील नावं वाचत होते आणि प्रत्येक नावाला "हा कुठं गेला, तो कुठं गेला" सांगत होते. दीड तास रेकॉर्डिंग झालं. कविता असती तर पाच मिनिटांत संपलं असतं.

उगाच_एक

व्याजासकट किती झाले? (हे विचारल्याशिवाय राहवलं नाही, माफी.)

कॅम्प४

वडिलांचा पहिला प्रश्न हाच होता :)

कापूसकोंडा

रेकॉर्डिंगवरून सांगतो, मी त्याच कामात आहे. मोबाइल हातात धरू नका, म्हाताऱ्या माणसाच्या मांडीशी एखाद्या रुमालावर ठेवा. पंखा बंद करा. सुरुवातीला तारीख, जागा, नाव, नात्यासकट बोलून घ्या, पुढं दहा वर्षांनी आवाज ओळखायला येत नाही. छापायचं की फक्त घरात ठेवायचं हेही तेव्हाच विचारा आणि तेही रेकॉर्ड करा. जुने फोटो व्हॉट्सॲपवर साधे पाठवू नका, दाबले जाऊन लहान होतात, डॉक्युमेंट म्हणून पाठवा. आणि तीन ठिकाणी प्रत ठेवा, त्यातली एक दुसऱ्या गावात.

सांजवारा

तीन आठवडे गायब होते. सांगण्यासारखं बरंच झालंय, लांबण लागेल.

भीमाकाठ दादांनी सांगितलं तसं जागेवर नेणं शक्य नव्हतं. म्हणून समाजमंदिराच्या फरशीवर खडूनं नदी काढली आणि अकरांतल्या आठ जणांना भोवती बसवलं. दोन खुर्चीवर, बाकीचे खालीच. म्हटलं, तुमचं घर दाखवा.

पुरुषांनी देवळापासून सुरुवात केली. देऊळ, चावडी, पाटलाचा वाडा, मग भावकीनं घरं. अर्ध्या तासात भांडण, कारण दोघांच्या मते चिंच दोन वेगवेगळ्या जागी होती. बायका गप्प. मग एका आजींना म्हटलं तुम्ही सांगा, तर पुरुषच म्हणाले, "तिला काय माहीत, ती लग्न होऊन आली आणि तीन वर्षांत गाव उठलं." आजी उठल्या, खडू घेतला आणि पाणवठ्यापासून सुरुवात केली. प्रत्येक वाट. कुठं चढ, कुठं पाय घसरतो, कुठल्या घराचा कुत्रा अंगावर येतो, कुठल्या दारावरून जाताना पदर घ्यायचा. दोन्ही चिंचा होत्या हेही त्यांनीच सांगितलं, एक गोड, एक आंबट. बाकीचे जन्मापासून तिथले, त्यांनी कधी लक्ष दिलं नव्हतं. आजी म्हणाल्या, "मी नवी होते. चुकले तर सासू बोलायची. मला पाठ करावंच लागलं."

शेतांची नावंही निघाली. खडकी, टेपावरचं, मोराचं पाणी, बामणाची दळी, रांडवाचा तुकडा. शेवटच्या नावावर कमिटीचे एक सदस्य म्हणाले हे छापू नका, बरं दिसत नाही. त्या तुकड्यावर एका विधवा बाईनं एकटीनं चार पोरं वाढवली म्हणून ते नाव. छापणार.

आता रात्रपाळी दादा, तुमच्यासाठी. फरशीवर सगळं भरलं आणि ओढ्याच्या खालची बाजू कोरी राहिली. कोणाच्याच लक्षात आलं नाही. तुमचा प्रतिसाद वाचला नसता तर माझ्याही आलं नसतं, हे लिहिताना लाज वाटते. त्या अकरांतली उरलेली तीन माणसं खालच्या आळीतली होती आणि त्यांना मी बोलावणं पाठवलं नव्हतं. म्हणजे पाठवलं होतं, "जमलं तर या" असं, कोणाच्या तरी हाती.

मी घरी गेले. दोन आजोबा बोलले नाहीत. चहा दिला, बास. एकाच्या बहिणीनं मात्र माझ्याकडून कागद घेतला आणि त्यांची सतरा घरं काढली, पाणवठ्यासकट. मग विचारलं, "छापणार का?" म्हटलं हो. "मग ही आमची विहीर वेगळी होती, ते अक्षरानं लिहा. नुसतं गोल काढू नका. गोल बघून लोकांना वाटेल गावात दोन विहिरी होत्या, सुबत्ता होती."

काल कमिटीत दाखवलं. अध्यक्ष म्हणाले, आता सगळे एकत्र नांदतात, जुनं कशाला. मी म्हटलं स्मरणिका जुन्याचीच आहे ना. सध्या तिथं अडलंय.

रात्रपाळी

वाचलं.

त्या आजींचं वाक्य त्यांच्या नावानं छापा, त्यांची तयारी असेल तर. अध्यक्ष नाही म्हणाले तर नकाशाच छापू नका, स्मरणिकेत कोरं पान सोडा आणि खाली लिहा की नकाशा तयार आहे. लोक विचारत येतील.

आणि बोलले नाहीत त्या दोघांकडे परत जा. काही मागू नका. आमच्या आजीला वर्ष लागलं होतं.

तेरणाकाठ

कोऱ्या पानाची कल्पना जबरदस्त. पण ताई, नकाशा छापला जावा असंच वाटतं.

सडेतोड

पहिल्या प्रतिसादात मी दाखल्याची झेरॉक्स छापा म्हणालो होतो. ते मागे घेत नाही, पण आजींची वाट वाचून माझ्या आईला फोन केला. तिचं माहेर उजनीत गेलंय हे मला माहीत होतं. गावाचं नाव माहीत नव्हतं.

भीमाकाठ

कुठलं? व्यनि (वैयक्तिक निरोप) करा.

मुळामुठा

मुळशी पेट्यातल्या गावांचा असा फरशीवरचा नकाशा करायचा म्हटलं तर आता एकही माणूस उरलेला नाही. शंभर वर्षं झाली. तुमच्याकडे अकरा आहेत. लवकर करा, एवढंच.

सांजवारा

दहा. परवा एक आजोबा गेले. चिंचेवरून भांडणारे.

बाकी कमिटीचं मिटलं, म्हणजे अर्धवट. कमानही होणार आणि स्मरणिकाही. नकाशा मधल्या दोन पानांवर, दोन्ही विहिरी नावानिशी. त्या बदल्यात अध्यक्षांचा फोटो पान एकवर रंगीत आणि कमानीचा संगमरवर त्यांच्या मेहुण्याकडून. चालायचंच.

निवाड्याची नक्कल अजून मिळालेली नाही, तीन खेपा झाल्या. पण कोतवाल बुकाची काही पानं मिळाली. दप्तरदार काकांनी सांगितलं तसंच, मोडी. मला एक अक्षर लागत नाही. इथं कोणाला वाचता येते का? एकूण चौदा पानं आहेत.

दप्तरदार

मला थोडी येते, माझ्या एका स्नेह्यांना चांगली येते. फोटो काढताना पान सपाट ठेवा, उजेड बाजूनं येऊ दे, फ्लॅश नको, आणि समासासकट घ्या. समासात पुष्कळदा वाडीचं नाव लिहिलेलं असतं. पहिलं पान आधी पाठवा, शाई कितपत उडाली आहे ते बघू.

सांजवारा

पाठवलं. डॉक्युमेंट म्हणून.